जिंकला नाही तरी लोक त्याच्यासाठी एवढं का ओरडतात? (सासुके आणि गिफूचा फायरमन)

नागोयाकर

नमस्कार मंडळी. आम्ही सहा वर्षं नागोयात आहोत. इथे डिसेंबर संपत आला की टीव्हीवर 'सासुके' लागतं. ज्यांनी पाहिलं नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. योकोहामातल्या मिदोरियामा स्टुडिओच्या आवारात पाण्यावर अडथळे उभारलेले असतात, शंभर स्पर्धक असतात आणि चार टप्पे. पडलात की संपलं. 1997 पासून टीबीएस वाहिनीवर हा कार्यक्रम चालू आहे. अमेरिकेचा 'अमेरिकन निंजा वॉरियर' ह्यावरूनच निघाला.

आमच्या खालच्या मजल्यावरचे आजोबा मूळचे गिफूचे. गिफू इथून रेल्वेने वीसेक मिनिटांवर. त्यांच्याकडे जुन्या स्पर्धांच्या रेकॉर्डिंगचा साठा आहे आणि माझा अकरा वर्षांचा मुलगा रविवारी तिथेच असतो. आजोबांचा लाडका स्पर्धक म्हणजे ताकेदा तोशिहिरो. गिफूचाच, अग्निशमन दलातला. नव्वदीच्या शेवटापासून पुढची कितीतरी वर्षं हा माणूस उतरत राहिला, पुन्हा पुन्हा तिसऱ्या टप्प्यापर्यंत पोचला, पण चारही टप्पे पुरे करणं त्याच्या वाट्याला आलं नाही. तरी तो आला की मैदान दणाणून जातं, आणि खाली आजोबा उठून उभे राहतात.

परवा मुलाने विचारलं, "आई, तो जिंकत नाही, तरी सगळे त्याच्यासाठी एवढं का ओरडतात?" मी काहीतरी बोलले, पण ते माझं मलाच पटलं नाही. इथे अग्निशमन दलात काम केलेलं कोणी आहे का? नोकरी सांभाळून माणूस हे इतकी वर्षं कसं करतो? आणि प्रत्यक्ष आगीच्या कामाला ह्याचा उपयोग होतो का?

कान्तोवासी

तुमच्या 'कसं करतो' ह्याला माझ्या परीने उत्तर देतो. मी योकोहामात राहतो, शेजारी अग्निशमन दलात आहे. त्यांची ड्यूटी चोवीस तासांची, सकाळी साडेआठच्या सुमाराला बदलते. त्यानंतर सुटीचा दिवस येतो. सराव त्याच दिवशी, झोप भरून काढल्यावर. हे सरकारी नोकर असल्यामुळे परवानगीशिवाय पैशाचं दुसरं काम करता येत नाही, म्हणजे टीव्हीवर दिसलो म्हणून नोकरी सोडून त्यावर जगू, असा हिशोब तिथे सहसा नसतो.

जिंकण्याचं म्हणाल, तर 2020 पर्यंत अडतीस स्पर्धा झाल्या आणि पूर्ण विजय फक्त सहा, तेही चौघांत मिळून. 1999 मध्ये आकियामा काझुहिको, 2006 मध्ये नागानो माकोतो, मग उरुशिहारा युजी दोनदा आणि मोरिमोतो युसुके दोनदा. आकियामा खेकडे पकडणारा, नागानो मच्छीमार बोटीचा कप्तान, उरुशिहारा बुटांच्या दुकानातला. न जिंकणं हीच तिथली नेहमीची गोष्ट आहे, हे मुलाला आधी सांगा.

जुना_शिडीवाला

ताई, मी एका महानगरपालिकेच्या अग्निशमन दलात 31 वर्षं काढली. फायरमन म्हणून लागलो, पुढे नागपूरच्या राष्ट्रीय अग्निशमन महाविद्यालयातून सब ऑफिसरचा कोर्स केला. माझी लेक दोन वर्षं तिकडे जपानात होती, तिच्यामुळे मी हा कार्यक्रम पाहिला आणि ताकेदालाही पाहिलं. तुमच्या मुलाचा प्रश्न वाचून दोन दिवस तोच डोक्यात होता, म्हणून जरा लांब लिहितो.

आधी तिसरा टप्पा काय आहे ते सांगतो, कारण उत्तर तिथेच आहे. पहिल्या दोन टप्प्यांत घड्याळ मागे लागलेलं असतं. दुसऱ्याच्या शेवटी तीन भिंती उचलून खालून सरकायचं असतं, 30, 40 आणि 50 किलोच्या. हे आमच्या लोकांना जमतं, पाय आणि कंबर वापरायची सवय असते. तिसऱ्यात घड्याळ नाही. तिथे जवळजवळ सगळं हातांवर. त्यातला 'क्लिफहँगर' म्हणजे भिंतीला लावलेली जेमतेम तीन सेंटिमीटरची कड. तिच्यावर बोटांची टोकं ठेवून लटकत सरकायचं, मध्ये कड तुटते, तिथे झेप घेऊन दुसरी पकडायची.

तिथून पडणारा माणूस हात सोडत नाही, हात उघडतात. मनगटापासून कोपरापर्यंतचा भाग दगडासारखा होतो, बोटांना हुकूम पोचतच नाही. मी हे स्वतः भोगलंय. नोकरीची पहिली पाच-सहा वर्षं असतील. रात्री वर्दी आली, गल्ली इतकी अरुंद की बंब नाक्यावरच ठेवावा लागला, एक्स्टेन्शन लॅडर, म्हणजे सरकवून लांब करायची शिडी, खांद्यावर घेऊन आत धावलो. जिन्यात धूर भरलेला. पाठीवर बीए सेट, म्हणजे श्वासाचं सिलिंडर, बारा-पंधरा किलोचं. तिसऱ्या मजल्यावरून एका म्हातारीला उचलून आणत होतो आणि दुसऱ्या मजल्याच्या वळणावर माझी उजवी मूठ उघडायला लागली. मी उघडत नव्हतो. ती उघडत होती. खालून माझा जोडीदार वर येत होता, त्याने आजींचे पाय धरले आणि आम्ही बाहेर आलो. आजी वाचल्या. पण त्या वळणावर जोडीदार नसता तर काय झालं असतं, हे मी घरी कधी कोणाला सांगितलं नाही. इथे पहिल्यांदा लिहितोय.

त्यानंतर स्टेशनच्या ड्रिल टॉवरवर दोर बांधून रोज चढायला लागलो. निवृत्त होईपर्यंत.

म्हणून उपयोग होतो का ह्याचं माझं उत्तर हो असं आहे. जपानात तर ह्याची रीतच आहे. 1972 पासून त्यांच्याकडे दलातल्या लोकांची देशपातळीवर बचाव-कौशल्याची स्पर्धा होते. त्यात 15 मीटरची उभी शिडी चढायची असते. 20 मीटरच्या आडव्या दोरावरून जाताना पोटावर सरकत आणि येताना दोराखाली लटकत. 15 मीटरचा दोर दोघांनी मिळून, म्हणजे एक चढतो आणि दुसरा खालून दोर सांभाळतो. नारिंगी गणवेशातली बचाव पथकं तुम्ही नागोयाच्या रस्त्यावर पाहिली असतील, ती हेच सतत घोटत असतात. ताकेदा ह्या मातीतून आलेला माणूस. मिदोरियामात तो नवीन काही करत नव्हता, रोजचंच काम लोकांसमोर करत होता.

एक फरक मात्र मुलाला जरूर सांगा. सासुकेत पडलं की खाली पाणी असतं. आमच्या कामात कमरेला दोर असतो आणि तो दोर माणसाने धरलेला असतो. एकट्याने वर जायचं नाही, हा पहिल्या दिवसाचा धडा.

आता त्याचा मुख्य प्रश्न. आम्ही दर 14 एप्रिलला मुंबई गोदीच्या 1944 च्या स्फोटात गेलेल्या 66 जवानांना मानवंदना द्यायचो, मग आठवडाभर लोकांसमोर प्रात्यक्षिकं. शिडी लावणं, होज पसरणं, माणूस खांद्यावर घेऊन उतरणं. हीच ड्रिल आम्ही वर्षभर रोज सकाळी करायचो. 31 वर्षांत मला कोणी विचारलं नाही की आज शिडीची ड्रिल जिंकलास का. काल जमली होती म्हणून आज केली नाही, असंही कधी झालं नाही. ताकेदा पुन्हा त्या कडेपाशी यायचा तेव्हा मला आमचं सकाळचं मैदान दिसायचं. ओरडणाऱ्या लोकांना ठाऊक असतं की हा उद्या परत ड्यूटीवर जाणार आहे आणि हेच हात घेऊन कोणाच्या तरी खिडकीपाशी पोचणार आहे. मी लेकीच्या घरी खुर्चीतून उठलो होतो, तुमच्या आजोबांसारखाच. जपानीचा एक शब्द मला कळत नव्हता.

दोरीवाली

काका, जिन्यातलं वाचून गप्प झाले काही वेळ. लिहिलंत ते फार बरं केलंत.

ताई, मी मुलामुलींना दोरीचा मल्लखांब शिकवते, त्यामुळे हाताचं मीही थोडं सांगते. सासुकेचा शेवटचा टप्पा म्हणजे दोर चढणं. 1999 मध्ये आकियामा जिंकला तेव्हा 15 मीटर, 30 सेकंदांत. टीव्हीवर लोकांना फक्त दंड दिसतात. आमच्याकडे मूल पहिल्या दिवशी दोर पायाच्या अंगठ्यात आणि शेजारच्या बोटात धरायला शिकतं, मग साधी अढी, म्हणजे दोराला पायांचा विळखा. वजन पायांनी घेतलं की हात मोकळे राहतात. जो फक्त हातांनी ओढतो तो अर्ध्यावर संपतो.

तुमचा मुलगा करत असेल तर उत्तम, पण दाराच्या चौकटीवर बोटांच्या टोकांनी लटकू देऊ नका. अकराव्या वर्षी बोटांची हाडं वाढत असतात आणि वाढीच्या जागेला दुखापत होऊ शकते. पूर्ण मुठीत येईल असा गोल दांडा द्या. आणि हे सगळं वाया जात नाही बरं का. आधुनिक पेंटॅथलॉन ह्या ऑलिम्पिकमधल्या पाच खेळांच्या स्पर्धेतून घोडेस्वारी गेली आहे, पॅरिस 2024 हे शेवटचं. तिच्या जागी अडथळ्यांची शर्यत आली आहे आणि 2028 ला लॉस एंजेलिसच्या ऑलिम्पिकमध्ये ती दिसेल. पेंटॅथलॉनच्या संघटनेने ह्या बदलासाठी टीबीएसचीच मदत घेतली होती.

नागोयाकर

सगळ्यांचे मनापासून आभार. काका, तुमचं लिहिलेलं मी मुलाला वाचून दाखवलं. जिन्याच्या वळणापाशी त्याने मला थांबवलं आणि तेवढंच पुन्हा वाचायला लावलं. मग विचारलं, "त्या दुसऱ्या काकांना कसं कळलं की पाय धरायचे?"

मी खाली जाऊन आजोबांनाही सांगितलं, माझ्या मोडक्यातोडक्या जपानीत. त्यांनी काही न बोलता कपाट उघडून एक जुनी कॅसेट काढली आणि आम्ही तिघांनी ताकेदाचा तिसरा टप्पा पुन्हा पाहिला. या वेळी मुलगा तोंडाकडे बघत नव्हता. हातांकडे बघत होता.

दोरीवाली ताई, चौकट आधीच झाली होती, तुमचं वाचायच्या आदल्या दिवशी. अकरा सेकंद, आजोबांनी घड्याळ लावलं होतं. आता बंद केलंय. बागेतल्या गोल दांड्याला लटकतो. पण तळहाताची कातडी सोलली आहे दोन ठिकाणी. काका, त्याला काय लावू?

जुना_शिडीवाला

काही भारी लावू नका. कोमट पाण्याने धुवा, कोरडं करा, रात्री खोबरेल तेल. लोंबणारी कातडी ओढू नये, कात्रीने कापावी. दोन दिवस दांडा बंद.

आणि त्याच्या प्रश्नाचं उत्तर: माझ्या जोडीदाराला कळलं, कारण आम्ही ते जिन्यातलं उतरणं सकाळच्या ड्रिलमध्ये शेकडो वेळा केलं होतं. तो नेहमी खालीच असायचा. त्याला सांगा.