सरप्लस डॉक्युमेंटरी आणि लकी पीपल सेंटर : बोलण्याचंच गाणं?

कावेरी_प: काल एरिक गांदिनी या दिग्दर्शकाची उपभोगवादावरची डॉक्युमेंटरी सरप्लस (२००३) बघितली, अजून डोक्यातून जात नाहीये. मायक्रोसॉफ्टचा तेव्हाचा प्रमुख स्टीव्ह बाल्मर स्टेजवर ओरडत उड्या मारतोय, फिडेल कॅस्ट्रो भाषण ठोकतोय, क्युबातली एक मुलगी रोजच्या भात-राजम्याचं सांगतेय आणि सगळ्यांचं बोलणं कापून कापून बीटवर बसवलंय. हे संगीत कोणाचं? आणि खरं विचारायचंय ते हे की उपभोगवादासारख्या विषयाला असा ठेका लावला की बघणारा नुसता डोलत नाही का बसत?

तालवेडा: योहान सोडरबेर्ग. सरप्लसचं एडिटिंग पण त्याचंच, म्हणून तर सूर आणि शॉट वेगळे काढता येत नाहीत. पण मुळापासून बघायचं तर लकी पीपल सेंटरकडे जा. स्वीडनचा हा ग्रुप ९० च्या दशकाच्या सुरुवातीचा, सोडरबेर्ग आणि एरिक पाउझर दोघंही त्यात होते. टीव्हीवरच्या बातम्या, भाषणं उचलायची आणि त्यावर डान्स म्युझिक रचायचं. लॉस एंजेलिसच्या रॉडनी किंग प्रकरणावर (पोलिसांनी एका कृष्णवर्णीय माणसाला केलेली मारहाण) पण त्यांचा ट्रॅक आहे. मग १९९८ मध्ये दोघांनी लकी पीपल सेंटर इंटरनॅशनल ही अख्खी फिल्म केली, जगभर फिरून माणसांना बोलतं केलं आणि त्या बोलण्यातूनच संगीत काढलं. निवेदक नाहीच, आणि मला तेच फार आवडतं कारण काय विचार करायचा हे कोणी वरून सांगत नाही.

रानवाटा: कावेरी, तुझी शंका रास्त आहे. इटलीतल्या जेनोआच्या २००१ च्या जी-८ (बड्या देशांची परिषद) विरोधी निदर्शनांचे शॉट्स बघताना मलाही तसंच वाटलेलं, लोक लाठ्या खातायत आणि आपला पाय ठेका धरतोय, हे खटकतं. पण बाल्मरचं बघ. तेच वाक्य परत परत आलं की भजनातल्या धृपदासारखं अंगात भिनतं, आणि जाहिराती आपल्यावर रोज हेच करतात ना? तिथे ठेका हाच मुद्दा आहे. मारहाणीच्या शॉट्सना मात्र तो लावायला नको होता असं माझं ठाम मत आहे.

तालवेडा: मला नाही पटत. त्याच सुमारास सोडरबेर्गने बुश आणि ब्लेअर एकमेकांसाठी प्रेमगीत म्हणतायत असा व्हिडिओ केला होता, सगळं खरं फुटेज, फक्त ओठ जुळवलेले. इराक युद्धावर तेव्हा पानंच्या पानं लिहिली जात होती पण हे दोन मिनिटांत लोकांपर्यंत पोचलं.

रानवाटा: ते नेते आहेत रे, त्यांचं काहीही कर. मार खाणाऱ्याला कोण विचारतं? पाउझरची पुढची द बोर्नियो केस (२०१६) बघ, डिलन विल्यम्सबरोबर केलेली. मलेशियातल्या सारावाकचं जंगल कोणी तोडलं, पैसा कुठे गेला, हे नीट माग काढत सांगितलंय, तिथे माणसं आपलं म्हणणं पूर्ण करतात.

कावेरी_प: दोघांनाही थँक्स! आधी १९९८ ची बघते मग बोर्नियो. आणि बाल्मरबद्दलचं पटलं, पण त्या क्युबन मुलीचं काय? ती ना नेता ना जाहिरात, ती मनापासून बोलत होती आणि तिलाही लूपमध्ये टाकलंय. तालवेडा, यावर सांग.