क्लीझ पायथननंतर संपला?

वर कोणीतरी लिहिलंय की ब्रिटिश विनोदी नट आणि लेखक जॉन क्लीझ 'मॉन्टी पायथन' या विनोदी ग्रुपनंतर संपला. हे काही पटलं नाही बुवा. त्याची 'फॉल्टी टॉवर्स' ही विनोदी टीव्ही मालिका विसरलात की काय! १९७५ मध्ये सहा भाग आणि पुढचे सहा थेट १९७९ मध्ये, म्हणजे सगळे मिळून फक्त १२, आणि ते त्याने बायको कॉनी बूथसोबत लिहिलेत (दुसरा सीझन येईपर्यंत दोघांचा घटस्फोट झाला होता पण लिखाणात कुठ्ठे जाणवत नाही, कमाल आहे). पायथनची टीम इंग्लंडमधल्या टॉर्कीच्या ज्या हॉटेलात उतरलेली तिथल्या खडूस मालकावरून बेसिल, म्हणजे क्लीझने केलेला मालिकेतला हॉटेलमालक, सुचला.

तो गाडीचा सीन आठवा. पाहुणे खोळंबलेत, जेवण गाडीत आणि गाडी भर रस्त्यात बंद. बेसिल आधी तिला ओरडतो, तीन आकडे मोजून दम देतो आणि मग पळत जाऊन झाडाची फांदी आणून गाडीलाच बदडून काढतो. एवढा ताडमाड माणूस शरीराचा असा वापर करतो की डायलॉग म्यूट केले तरी हसू येईल.

नंतर त्याचा १९८८ चा सिनेमा 'अ फिश कॉल्ड वाँडा', ज्याच्या पटकथेला ऑस्कर नॉमिनेशन होतं. त्यात क्लीझ जो वकील झालाय त्याचं नाव आर्ची लीच, म्हणजे जुना हॉलिवूड स्टार कॅरी ग्रँटचं खरं नाव! हां, 'वाँडा'मधलीच चार मुख्य नटांची चौकडी घेऊन केलेला १९९७ चा 'फिअर्स क्रीचर्स' मात्र फसला, तिथे तुमचं म्हणणं मान्य.