सोसायटी ग्रुप : बढती, बिंदू आणि ज्येष्ठतासूची

बी-३०२ : विषय सोसायटीचा नाही, माफ करा. पण इथे सरकारी नोकरीतले बरेच जण आहेत म्हणून विचारतो. मी केंद्र सरकारी कर्मचारी. माझ्यानंतर लागलेल्या सहकाऱ्याला एससीच्या बिंदूवर, म्हणजे बढतीच्या क्रमातल्या राखीव जागेवर, आधी बढती मिळाली, ते मान्य. तीन वर्षांनी मलाही तेच पद मिळालं. मग नव्या ज्येष्ठतासूचीत तो माझ्या वर कसा? पुढच्या बढतीलाही आता त्याचाच नंबर आधी.

ए-१०४ : तेच म्हणतो मी. सवलत एकदा द्या. प्रत्येक पायरीवर किती वेळा?

सी-६०१ : दादा, माझे बाबा असेच बिंदूवर वरिष्ठ लिपिक झाले होते. टेबल त्यांनी सांभाळलं, जबाबदारीही त्यांचीच होती. ती वर्षं मोजायचीच नाहीत का?

ॲडमिन : कृपया सोसायटीपुरतं बोला.

डी-२०३ : ॲडमिन, राहू द्या. सगळे नीट बोलताहेत. ७०४ च्या ताई आस्थापना शाखेतून निवृत्त झाल्यात, त्यांनी सांगावं.

बी-७०४ : लांब लिहिते, सांभाळून घ्या. ज्येष्ठतासूच्या करण्यातच नोकरी गेली माझी.

३०२, तुमच्या मनातला नियम एके काळी खरंच होता. १९९५ च्या वीरपाल सिंह चौहान निकालात सुप्रीम कोर्टाने म्हटलं होतं की मागे राहिलेला मूळचा सीनियर त्या पदावर पोचला की त्याला जुनी ज्येष्ठता परत मिळेल. १९९९ च्या अजित सिंह निकालात तेच पक्कं झालं. त्यावर संसदेने २००१ मध्ये ८५वी घटनादुरुस्ती केली आणि अनुच्छेद १६(४अ) मध्ये बढतीसोबत येणारी ज्येष्ठताही घातली. तीही १७ जून १९९५ पासून, मागील तारखेने. तारीख तीच का, तर ७७वी दुरुस्ती त्या दिवशी अमलात आली होती. १९९२ च्या इंद्रा साहनी निकालाने बढतीतलं आरक्षण नाकारलं होतं, ते ७७व्या दुरुस्तीने एससी-एसटीसाठी टिकवलं. केंद्रात डीओपीटीचं (केंद्राच्या कार्मिक विभागाचं) २१ जानेवारी २००२ चं ज्ञापन आहे, त्याप्रमाणे तुमची यादी बनते.

बी-३०२ : म्हणजे कायद्याने बरोबर. पण न्याय्य आहे का ताई?

बी-७०४ : माझ्या मते हो. वरच्या पदावर ज्याने तीन वर्षं आधी काम केलं, त्याची ती तीन वर्षं दुसरा कुणी आला म्हणून कागदावरून पुसायची, हे मला कधीच पटलं नाही. ज्येष्ठता म्हणजे त्या पदावरची सेवाच ना? आणि वरच्या पदांवर हा वर्ग मुळात कमी, त्यात त्यांना यादीत पुन्हा खाली ढकललं तर पुढच्या पायरीवर पोचेपर्यंत निवृत्तीचं वय होतं. तुमचंही दुःख खरं आहे. जुन्या योजनेत शेवटच्या पगारावर पेन्शन ठरतं, घरी चार माणसं विचारतात. ते मी कमी लेखत नाही.

ए-१०४ : माझी मिसेस राज्य शासनात आहे. तिथे तर कुणालाच काही मिळत नव्हतं.

बी-७०४ : महाराष्ट्राचंच मला जास्त लागतं. २५ मे २००४ च्या शासन निर्णयाने इथे बढतीत ३३ टक्के आरक्षण होतं : एससी १३, एसटी ७, विजा (विमुक्त जाती) ३, भटक्या जमातींचे तीन गट मिळून ८, विशेष मागास प्रवर्ग २. घटनेतलं १६(४अ) फक्त एससी-एसटीपुरतं आहे, आपल्याकडे त्याहून पुढे गेले. ४ ऑगस्ट २०१७ ला मुंबई हायकोर्टाने तो निर्णय रद्द केला. राज्य सुप्रीम कोर्टात गेलं. २०२१ मध्ये आधी ३३ टक्के जागा रिकाम्या ठेवायचं ठरलं, मग ७ मे च्या निर्णयाने सगळ्या जागा २५ मे २००४ च्या ज्येष्ठतेनुसार भरायचं ठरलं. मंत्रिमंडळातच त्यावरून वाद झाला होता. दर वेळी आस्थापना शाखेने यादी पुन्हा मांडायची, पुन्हा हरकती, पुन्हा मॅट (राज्याचं प्रशासकीय न्यायाधिकरण).

कोर्टाने मागितलं काय होतं? २००६ च्या नागराज निकालापासून एकच धोशा आहे : प्रतिनिधित्व अपुरं आहे हे आकड्यांनी दाखवा. मागासलेपण सिद्ध करायची अट २०१८ मध्ये गेलीसुद्धा. २०२२ मध्ये कोर्टाने सांगितलं की आकडे संवर्गनिहाय हवेत, सगळ्या सेवेचे एकत्र चालणार नाहीत. अहो, प्रत्येक कार्यालयात बिंदुनामावलीची, म्हणजे राखीव आणि खुल्या जागांच्या क्रमाची, नोंदवही असते! कोणत्या बिंदूवर कोण बसलं, सगळं त्यात असतं. कर्नाटकचा बढतीतल्या ज्येष्ठतेचा कायदा २०१७ मध्ये रद्द झाला. त्यांनी रत्नप्रभा समितीकडून आकडे काढून घेतले, नवा कायदा केला आणि मे २०१९ मध्ये सुप्रीम कोर्टाने तो कायम ठेवला. दोन वर्षांत झालं.

सी-६०१ : आणि आपल्याकडे लोक वाट बघून रिटायर झाले.

बी-७०४ : हो, दोन्हीकडचे. बढती न मिळाल्यास ठरावीक वर्षांनी वरची वेतनश्रेणी देणाऱ्या आश्वासित प्रगती योजनेतून पगार सरकतो, पद तेच राहतं. म्हणून एकमेकांच्या ताटाकडे बघणं सोडा. राज्याकडे संवर्गनिहाय आकडे मागा, आणि डीपीसी (बढतीसाठी नावं ठरवणाऱ्या समितीची बैठक) दर वर्षी वेळेवर घ्या म्हणून सगळ्या संघटनांनी मिळून धरून बसा. अर्ध्या बढत्या डीपीसी न झाल्यामुळेच अडतात, आरक्षणाचा तिथे संबंधही नसतो.

डी-२०३ : क्रीमी लेअरचं, म्हणजे त्या वर्गातल्या सुस्थितीतल्यांना वगळण्याचं, काय ताई?

बी-७०४ : २०१८ च्या जर्नैल सिंह निकालात एससी-एसटीलाही ते तत्त्व लागू शकतं असं म्हटलंय. तो वेगळाच विषय आहे, रविवारी बोलू.

ए-१०४ : मिसेस म्हणते, १ जानेवारीची तात्पुरती यादी आलीय, तिची रुजू तारीख चुकलीय.

बी-७०४ : मग मुदतीत लेखी हरकत द्या, पोच घ्या, सेवापुस्तकाच्या पानाची प्रत जोडा. अंतिम यादी लागल्यावर फार त्रास होतो. संध्याकाळी कागद घेऊन तिला पाठवा माझ्याकडे. ३०२, तुम्हीही या.