लुडो खेळताना बाबांचा आवाज रेकॉर्ड होत नाही, काय करू?

वृंदा_चिपळूण

नमस्कार मंडळी. प्रश्न मोबाइलचाच आहे, पण जरा सविस्तर सांगते. "स्क्रीन रेकॉर्डर वापरा" इथपर्यंत मी पोचले आहे. अडलंय ते त्याच्या पुढे.

माझे बाबा देवरुखला असतात. एसटीत ड्रायव्हर होते, निवृत्त होऊन सतरा वर्षं झाली. रोज रात्री साडेआठला, जेवणं उरकली की आम्ही दोघं मोबाइलवर लुडो खेळतो, ते तिकडून आणि मी इथून. गेममधलाच माइक चालू ठेवून बोलतो. सोंगटी घरातून बाहेर पडली की ते "डबल बेल!" म्हणतात. माझी सोंगटी मारली की "पंक्चर!" आणि स्वतःची मारली गेली की काहीच बोलत नाहीत, नुसता घसा खाकरतात. कोण जिंकलं ते कालनिर्णयवर लिहून ठेवतात, दुधाच्या खाड्याशेजारी. ते जिंकले तर "बा", मी जिंकले तर "वृं".

येत्या मार्गशीर्षात त्यांना पंचाहत्तर पूर्ण होतात. सगळी भावंडं जमणार आहेत. तेव्हा आमच्या एका डावाचा व्हिडिओ टीव्हीवर लावायचा आणि त्यांच्या जिंकलेल्या डावाचा फोटो छापून, फ्रेम करून द्यायचा असं मनात आहे. आणखी एक कारण आहे. 22 जुलै 2021 च्या पुरात आमच्या तळमजल्यावर छातीभर पाणी होतं. अल्बम, माझ्या लग्नाच्या सीड्या, सगळं चिखलात गेलं. बाबांचे फोटो भावाकडून थोडेफार मिळाले, पण त्यांचा बोलता-हसता व्हिडिओ आता माझ्याकडे एकही नाही.

फोन अँड्रॉइड 13 चा, 64 जीबीवाला. कंपनीचाच स्क्रीन रेकॉर्डर आहे. त्यात "डिव्हाइसचा ऑडिओ आणि मायक्रोफोन" हा पर्याय निवडला. पहिल्यांदा बावीस मिनिटं रेकॉर्ड केलं. चित्र स्वच्छ, फाशाचा खडखडाट छान, सोंगटी चालल्याची टकटक पण आहे. बाबा नाहीत. मी पण नाही! दुसऱ्या दिवशी डाव रंगात असताना बॅटरी संपून फोन बंद पडला आणि ती फाइल आता उघडतच नाही. तिसऱ्या दिवशी गॅस बुकिंगचा मेसेज बरोब्बर पटावर येऊन बसला, आणि आवाज याही वेळी नाहीच.

स्क्रीनशॉटचीही तीच गत. जिंकल्याचा पडदा दोन-तीन सेकंद राहतो आणि जाहिरात सुरू होते. मी बटणं दाबते तर कधी आवाजाची पट्टी मध्ये येते, कधी जाहिरातच निघते.

कुणाला नीट जमलं असेल तर कृपया सांगा. मार्गशीर्षाला वेळ आहे, पण मला आधी चार-पाचदा करून बघायचंय.

---

तुषार_नाशिक

ताई, फोनमधला रेकॉर्डर सोडा. प्ले स्टोअरवरून एखादा चांगला रेटिंग असलेला रेकॉर्डर घ्या. त्यात आवाजाचे जास्त पर्याय असतात.

---

शूटिंगवाला_इचलकरंजी

वृंदाताई, मी लग्नाचं शूटिंग आणि एडिटिंग करतो. शिवाय इथली पोरं त्यांच्या गेमच्या स्पर्धांची रेकॉर्डिंग माझ्याकडे कापायला आणतात. "मित्रांचा आवाज कुठं गेला?" ही तक्रार आठवड्यातून एकदा तरी येतेच. तुमचा फोन बिघडलेला नाही आणि तुमचं काही चुकलेलंही नाही.

तुषारभाऊ, दुसऱ्या ॲपने हा प्रश्न सुटत नाही, कारण नियम अँड्रॉइडचाच आहे. 2019 च्या अँड्रॉइड 10 पासून फोनच्या आतला आवाज रेकॉर्ड करायची सोय ॲप्सना मिळाली, आणि 2020 च्या अँड्रॉइड 11 मध्ये रेकॉर्डर फोनमध्येच आला. पण ती सोय फक्त गाणी, व्हिडिओ आणि गेमच्या आवाजांपुरती आहे. समोरच्या माणसाशी चाललेलं बोलणं फोन कॉलमध्ये धरतो, आणि ते आतून कुणालाही उचलू देत नाही. कुणाचं बोलणं चोरून रेकॉर्ड होऊ नये म्हणून ते मुद्दाम तसं ठेवलंय, आणि माझ्या मते योग्यच आहे. म्हणून फासा ऐकू येतो, बाबा नाही.

आता तुमचा स्वतःचा आवाज का नाही? माइक एका वेळी एकाच ॲपच्या वाट्याला येतो. गेममधलं बोलणं चालू आहे तोवर माइक गेमच्या ताब्यात. रेकॉर्डरने मागितला तरी त्याला शांतताच मिळते. आणि नवीन रेकॉर्डर टाकलाच तर तो ॲक्सेसिबिलिटीची परवानगी मागतो का बघा. मागत असेल तर देऊ नका. त्या परवानगीने ॲपला तुमच्या पडद्यावरचं सगळं वाचता येतं.

उपाय एकदम सोपा आहे. गेममधला माइक दोघांनीही बंद करा आणि बोलणं दुसऱ्या फोनवर न्या. घरात कुणाचा दुसरा फोन असेल त्यावरून बाबांना साधा कॉल लावा, स्पीकरवर टाका आणि तो तुमच्या खेळायच्या फोनपासून वीतभर अंतरावर ठेवा. आता गेमला माइक नको आहे, त्यामुळे तो रेकॉर्डरला मिळतो. रेकॉर्डरमध्ये या वेळी फक्त "मायक्रोफोन" निवडा. दोन्ही निवडलं तर फाशाचा आवाज एकदा आतून आणि एकदा बाहेरून असा दुहेरी येतो, कानाला फार घाण लागतं. फक्त माइक ठेवला की तुम्ही, बाबा आणि फासा, जसं खोलीत ऐकू येतं तसं एकाच फाइलमध्ये येईल. पंखा मात्र बंद करा. कानाला जाणवत नाही, पण माइकला पंखा म्हणजे वादळ.

आवाज वेगळ्या फोनवर रेकॉर्ड करून नंतर जोडायचा हाही एक मार्ग आहे. मी स्वतः तसंच करतो, पहिल्या फाशाच्या आवाजावर दोन्ही जुळवून. पण फोनची स्क्रीन रेकॉर्डिंग एका ठरावीक गतीने फ्रेम घेत नाही, कमीजास्त घेते. सुरुवातीला बरोबर जुळवलेला आवाज वीस मिनिटांनी चित्राच्या पुढं-मागं होतो. तुम्हाला ती डोकेदुखी कशाला?

न उघडणाऱ्या फाइलबद्दल वाईट वाटलं. एमपी4 फाइलमध्ये कोणती फ्रेम कुठे आहे याची अनुक्रमणिका असते, आणि ती साधारणपणे रेकॉर्डिंग थांबवल्यावर शेवटी लिहिली जाते. फोन मध्येच बंद पडला तर चित्र आत असतं, पण अनुक्रमणिका नसते. पुस्तकाची सगळी पानं सुटी होऊन पडावीत तसं. ती फाइल पुसू मात्र नका. त्याच फोनवर, त्याच सेटिंगमध्ये काढलेली एखादी चांगली फाइल जोडीला दिली तर कधी कधी दुरुस्त होते. इथून पुढे दहा-दहा मिनिटांनी थांबवा आणि परत सुरू करा. गेलं तर एवढंच जाईल. बॅटरी आधी पूर्ण भरून घ्या. चार्जिंगला लावून खेळत रेकॉर्ड केलं की फोन तापतो, आणि तापला की मंदावतो.

जागेचा हिशेब: रेकॉर्डरच्या सेटिंगमध्ये व्हिडिओचा दर सेकंदाला 8 मेगाबिट ठेवला तर मिनिटाला 60 एमबी, म्हणजे पंचवीस मिनिटांचा दीड जीबी. लुडोच्या पटावर गोळीबार नाही, 720 चं रिझोल्यूशन (चित्राची बारकाई) आणि 4 मेगाबिट भरपूर झालं, निम्म्यात काम. सुरू करण्याआधी "व्यत्यय आणू नका" चालू करा. गॅसचा मेसेज परवडला, एखादा ओटीपी पटावर आला आणि तोच व्हिडिओ नातेवाइकांच्या ग्रुपवर गेला तर?

स्क्रीनशॉट. पॉवर आणि आवाज कमी करायचं बटण एकाच क्षणी दाबायचं आणि सोडायचं. 2011 च्या अँड्रॉइड 4.0 पासून हीच पद्धत आहे. आवाजाचं बटण निमिषभर आधी लागलं की पट्टी येते. तीन बोटं खाली ओढायची सोय असेल तर तीही पटावर चालेलच असं नाही, गेम ती बोटं आपली समजतो. तुमच्यासाठी खरा मार्ग हा: रेकॉर्डिंग चालू आहेच, मग जिंकल्याच्या क्षणी काहीच दाबू नका. नंतर व्हिडिओ त्या जागी थांबवा, वरची नियंत्रणं जाऊ द्या आणि निवांत स्क्रीनशॉट घ्या. छापायचा फोटो हवा म्हणून शेवटचा डाव 1080 वर ठेवा. पट चौकोनी असतो, रुंदीला 1080 ठिपके मिळतील, म्हणजे साडेतीन इंचांपर्यंत फोटो अगदी ठसठशीत येईल. त्याच्या दुप्पट केला तरी भिंतीवर लांबून बघायला चालतो.

आणि बाबांना सांगून करा.

---

वृंदा_चिपळूण

दादा, किती मनापासून लिहिलंत! बावीस मिनिटं आवाज का आला नाही हे आज कळलं.

एक विचारते. बाबांकडे एकच मोबाइल आहे. तोच खेळायला आणि त्यावरच कॉल, हे त्यांना जमायचं नाही. कॉल आला की गेम मागे जातो आणि ते घाबरून सगळंच बंद करतात. पण घरात अजून लँडलाइन आहे, देवघराशेजारी कोनाड्यात. त्या सेटला स्पीकरचं बटण आहे, आजवर कुणी दाबलेलं नाही एवढंच. ते चालेल का?

---

शूटिंगवाला_इचलकरंजी

चालेल काय, उत्तम! रिसीव्हर जागेवरच ठेवायचा, नुसतं बटण दाबायचं. खुर्ची सेटजवळ ओढून घ्यायला सांगा. आधी दोन मिनिटांचं करून ऐकून बघा, मग खरा डाव.

---

मीनल_ठाणे

आयफोन वापरणाऱ्या कुणाला हा धागा सापडला तर लिहून ठेवते. 2017 च्या आयओएस 11 पासून कंट्रोल सेंटरमध्ये रेकॉर्डिंगचं बटण ठेवता येतं. ते नुसतं दाबलं तर माइक बंदच राहतो. दाबून धरलं की खाली माइकचं चिन्ह येतं, ते लाल करायचं. मी पहिले सहा महिने हे न करताच रेकॉर्ड करत होते. सुरू व्हायला तीन सेकंद लागतात, तेवढं थांबून फासा टाका.

वृंदा, व्हिडिओ भावंडांना पाठवताना व्हॉट्सॲपवर साध्या व्हिडिओसारखा पाठवू नकोस, दाबून बारीक करतं. डॉक्युमेंट म्हणून जोड, 2 जीबीपर्यंत जशीच्या तशी जाते.

---

वृंदा_चिपळूण

मंडळी, काल रात्री केलं. जमलं!

बाबांना दुपारीच सांगितलं होतं की आज आवाज धरून ठेवणार आहे. नुसता आवाज येणार, तुम्ही दिसणार नाही, असं दोनदा सांगूनही त्यांनी इस्त्रीचा शर्ट घातला, हे आईने नंतर सांगितलं. ह्यांच्या फोनवरून लँडलाइनला कॉल लावला, स्पीकर केला, माझ्या फोनशेजारी पोळपाटावर ठेवला. पंखा बंद, व्यत्यय बंद, बॅटरी शंभर.

पहिली दहा मिनिटं बाबा स्टँडवरच्या घोषणेसारखं बोलले. "आता मी चार घर पुढे जात आहे." "आता वृंदाची पाळी आहे." डबल बेल नाही, पंक्चर नाही. मी काही बोलले नाही, खेळत राहिले. दादांनी सांगितलं होतं म्हणून दहाला थांबवून परत सुरू केलं. दुसऱ्या फाइलमध्ये दोन मिनिटं चाळीस सेकंदांना माझी पिवळी सोंगटी घराच्या तोंडाशी होती, ती त्यांनी मारली आणि "पंक्चर!" असं ओरडले की ह्यांचा फोन पोळपाटावरून हलला. तिथून पुढे ते रेकॉर्डिंग विसरले.

आणि एक गोष्ट माझ्या ध्यानीमनी नव्हती. लँडलाइनच्या स्पीकरने अख्खी खोली उचलली. कुकरची शिट्टी आहे, मागून आई "अहो, गॅस बारीक करा, मी देवाजवळ आहे" म्हणते, आणि बाबा म्हणतात, "थांब, सहा पडलाय." गेममधल्या माइकवर इतकी वर्षं खेळले, आई कधी ऐकू आली नव्हती.

दोन फाइली मिळून पाचशे साठ एमबी झाल्या. जिंकल्याचा पडदा व्हिडिओ थांबवून घेतला, स्वच्छ आलाय. डाव बाबांचाच. पहिल्या फाइलमधली घोषणेची दहा मिनिटं कापून टाकू का?

---

शूटिंगवाला_इचलकरंजी

टीव्हीसाठीची प्रत वेगळी करून त्यात कापा. मूळ दोन्ही फाइली हात न लावता ठेवा: एक प्रत पेनड्राइव्हवर भावाकडे आणि एक ऑनलाइन. तळमजल्यावरच्या कपाटात नको. शर्टाची गोष्ट कळल्यावर ती दहा मिनिटं पण लागतील तुम्हाला.