लाकडाकडून फायबरकडे: जपानी माइनस्वीपर

माइनस्वीपर म्हणजे समुद्रातले सुरुंग शोधून निकामी करणारं जहाज. त्यासाठी लाकडी बांधणी सोडून जपानने फायबर (काचतंतूंनी मजबूत केलेलं प्लास्टिक) घेतलं ते वजन वाचवायला का, असा प्रश्न पडतो. वजन हा मुद्दा दुय्यम, खरा मुद्दा आयुष्याचा. चुंबकीय सुरुंग पोलादाने चाळवतो, म्हणून लाकूड. पण लाकूड कुजतं, सांधे सैल होतात आणि साधारण 20 वर्षांत जहाज निकालात निघतं. शिवाय एवढी मोठी लाकडी जहाजं बांधणारे सुतारही उरले नाहीत. 2012 मध्ये दाखल झालेलं 570 टनी एनोशिमा हे त्यांचं पहिलं फायबरचं माइनस्वीपर, 2017 चं ‘आवाजी’ नावाचं जहाज 690 टनांचं.

फायबरची काळजी वेगळी. फायबरच्या दोन कातड्यांमध्ये (बाहेरच्या थरांमध्ये) फोमचा गाभा असतो. कुठे थर सुटला किंवा पाणी शिरलं तर वरून रंग शाबूत दिसतो; हातोडीने ठोकत गेलं की तिथे आवाज बद्द येतो. बोल्टची भोकं नीट सील केली नाहीत तर पाणी हमखास तिथूनच शिरतं.

आणि सांगाडा नुसता फायबरचा करून भागत नाही. इंजिनात लोखंड राहतंच, त्याचं चुंबकीय क्षेत्र तारांच्या वेटोळ्यांत वीज सोडून मारावं लागतं. नवं यंत्र बसवलं की त्या क्षेत्राची मोजणी पुन्हा. ध्वनीवर फुटणाऱ्या सुरुंगांसाठी आवाजही कमी हवा, म्हणून शोधाच्या वेळी मुख्य डिझेलऐवजी विजेच्या मोटरवर संथ चालतात. सोनारवर (ध्वनिलहरींनी पाण्याखालचं शोधणाऱ्या यंत्रावर) संशयित वस्तू दिसली की कॅमेऱ्याने खात्री, मग शेजारी स्फोटक ठेवून उडवणं. घाईत खात्री टाळली तर दगडांवरच स्फोटकं संपतात.