१९४३ चा ३-६ पॉल ब्राऊनच्या नावावर धरायचा का?

सह्यवासी
कॉलेजांच्या अमेरिकन फुटबॉलमध्ये ओहायो स्टेट १९४२ चे राष्ट्रीय विजेते. नऊ जिंकले, एक हरले. पुढच्याच वर्षी तेच प्रशिक्षक पॉल ब्राऊन, आणि निकाल तीन विजय, सहा पराभव. शेवटच्या सामन्यात मिशिगनने ४५-७ असा धुव्वा उडवला. ब्राऊन यांचा विषय निघाला की कुणीतरी हा ३-६ पुढे करतंच. माझं मत: तो त्यांच्या नावावर धरू नये.

त्या हंगामाचा निकाल मैदानात उतरण्याआधीच लागला होता. युद्धामुळे कॉलेजांत सैनिकी प्रशिक्षणाच्या योजना आल्या. नौदलाच्या व्ही-१२ योजनेतल्या मुलांना कॉलेजच्या संघातून खेळायची मुभा, लष्कराच्या योजनेतल्यांना सक्त मनाई. ओहायो स्टेटमध्ये भर लष्कराच्या योजनेवर. मिशिगनकडे नौदलाची योजना, त्यामुळे विस्कॉन्सिनचा खेळाडू एलरॉय हर्श त्यांना आयता मिळाला. हो, तोच विस्कॉन्सिन, ज्याने ४२ साली ओहायो स्टेटला १७-७ हरवलं होतं! पर्ड्यूला तसेच इलिनॉयचे ॲलेक्स अगासी आणि टोनी बुटकोविच मिळाले. पर्ड्यूने नऊच्या नऊ सामने मारले.

ब्राऊन यांच्याकडे उरली ती बहुतेक नुकती शाळा सुटलेली पोरं. लेस होर्व्हाथ ४२ च्या विजेत्या संघातला. ४३ मध्ये तो दंतवैद्यकी शिकत कोलंबसमध्येच, म्हणजे ओहायो स्टेटच्या गावातच होता, पण लष्कराच्या योजनेत, म्हणून खेळायचं नाही. ४४ मध्ये परत खेळला आणि थेट हाइझमन ट्रॉफी, म्हणजे कॉलेज फुटबॉलमधल्या वर्षातल्या सर्वोत्तम खेळाडूचा मान, घेऊन गेला. असा माणूस गावात असून संघात घेता येत नाही, तिथे प्रशिक्षकाने करायचं काय?

मैदानमित्र
माहिती बरोबर, निष्कर्ष पटला नाही. तो ३-६ धरायचा नाही म्हटलं की त्यातले तीन विजयही गेले. मग इलिनॉयविरुद्धच्या सामन्याचं काय करायचं?

१३ नोव्हेंबर १९४३, कोलंबस. २६-२६ अशी बरोबरी. ओहायो स्टेटचा शेवटचा पास वाया गेला, वेळ संपली, दोन्ही संघ ड्रेसिंग रूममध्ये गेले, लोक घरी निघाले. आणि मग कळलं की त्या शेवटच्या चालीत इलिनॉयचा खेळाडू ऑफसाइड, म्हणजे चाल सुरू होण्याआधीच रेषेपलीकडे होता, पंचाने निशाणही टाकलं होतं, ते कुणी पाहिलंच नाही. खेळाडूंनी अंगावरचं सामान उतरवायला घेतलेलं. ओहायो स्टेटला आणखी एक चाल मिळाली, म्हणून त्यांना परत बोलावलं. अर्ध्या रिकाम्या स्टेडियममध्ये जॉन स्टंगिस या पहिल्या वर्षाच्या पोराने लाथेने चेंडू खांबांमधून धाडत तीन गुणांचा फील्ड गोल मारला. २९-२६. त्याला तुम्ही काय सांगणार, की बाबा, तुझा हंगाम धरत नाही?

सह्यवासी
स्टंगिसचा गोल धराच. मी प्रशिक्षकाच्या हिशोबाबद्दल बोलतोय, पोरांच्या खेळाबद्दल नाही.

मैदानमित्र
दोन्ही वेगळे कसे करणार? आणि इलिनॉयचीही माणसं गेली होती, तुम्हीच वर लिहिलंय. म्हणजे बिग टेनमधला, ओहायो स्टेट ज्या कॉलेजांच्या गटात खेळतं त्यातला, हा एकमेव विजय अशा संघावर, जो तितकाच लुटला गेला होता. अन्याय मोजायला बसलात तर तो विजयही काढावा लागेल.

शिवाय ४४ साल बघा. ब्राऊन स्वतः नौदलात गेले, कॅरोल विडोज यांनी संघ घेतला आणि नऊपैकी नऊ जिंकले. युद्ध तेव्हाही चालूच होतं.

कोलंबसकर
मी इथे बरीच वर्षं राहतोय. घोड्याच्या नालेसारख्या त्या स्टेडियममध्ये बसलं की ४२ आणि ४४ सगळ्यांना आठवतं, मधलं वर्ष कुणी काढत नाही. मला तेच खटकतं. त्या संघात बिल विलिस होता. पुढे १९४६ मध्ये याच ब्राऊननी त्याला क्लीव्हलंडच्या व्यावसायिक संघात घेतलं, व्यावसायिक फुटबॉलमधली काळ्या खेळाडूंवरची बंदी मोडणाऱ्यांपैकी तो एक. तो हरणाऱ्या वर्षातही दर शनिवारी उभा राहिला. म्हणून माझं मत मैदानमित्रांच्या बाजूने: आकडा ठेवा, पण त्याच्याबरोबर गोष्टही सांगा.

अनघा_वि
तुम्ही तिघेही एक गोष्ट सोडताय. अलाबामा, टेनेसी, स्टॅनफर्ड यांनी ४३ मध्ये संघच उतरवला नाही. ते प्रामाणिक होतं. कोण कुणाच्या जर्सीत खेळणार हे सैन्य ठरवत असेल तर त्या सामन्यांना स्पर्धा म्हणायचं तरी कशाला? वर ज्या बुटकोविचचं नाव आलंय, तो एप्रिल १९४५ मध्ये ओकिनावावर मारला गेला. त्याने पर्ड्यूसाठी किती गुण केले यावर वाद घालताना माझा हात थांबतो.

मैदानमित्र
अनघाताई, याच कारणासाठी मला वाटतं की खेळले ते बरं झालं. त्या मुलाच्या आयुष्यातला तो शेवटचा कॉलेज फुटबॉल हंगाम होता. सामने बंद असते तर तोही मिळाला नसता.

अनघा_वि
हे मी धरलं नव्हतं. तरी त्याला स्पर्धा म्हणायला मन तयार होत नाही.

सह्यवासी
इलिनॉयचा मुद्दा मान्य, तिथे माझी बाजू लंगडी पडते. पण ४४ चं उदाहरण तुमच्याच विरोधात जातं, मैदानमित्र. ४४ मध्ये होर्व्हाथ होता, ४३ मध्ये नव्हता. विडोजना जो माणूस मिळाला तो ब्राऊनना मिळाला असता तर मिशिगनकडून ४५ गुण खाल्ले असते का, एवढं सांगा.