आईचं फार्मव्हिलचं शेत फेसबुकवर कुठे सापडेल?

गोदाकाठची

मंडळी, मदत हवी आहे. विषय खेळाचा आहे, पण माझ्यासाठी फार मोलाचा आहे, म्हणून सविस्तर लिहिते.

आई आता ७१ वर्षांची. २००९च्या दिवाळीत नानामामानं न्यू जर्सीहून फोनवर सांगून सांगून तिचं फेसबुक खातं उघडून घेतलं. महिन्याभरात दोघं फार्मव्हिल या फेसबुकवरच्या शेतीच्या खेळात शेजारी झाले. त्यांची निफाडकडची पाच एकर २००३ साली विकली गेली होती. आईनं पडद्यावर ती जमीन जशीच्या तशी मांडली. कोपऱ्यात विहीर, मधून गाडीवाट, वाटेच्या दोन्ही अंगांना वाफे. बांधावर चिंच होती, ती खेळात मिळेना, म्हणून त्या जागी तिनं अंजीर लावलं. मी तेव्हा कॉलेजात होते. मला "तीनला आठवण कर गं, स्ट्रॉबेरी काढायचीय" असं सांगून ती शिलाई मशीनवर बसायची. स्ट्रॉबेरी चार तासांत तयार व्हायची आणि वेळेत काढली नाही तर सुकून जायची. मामा सकाळी उठला की चहाआधी तिच्या शेतात येऊन पाच वाफ्यांना खत टाकून जायचा. शेजाऱ्याला एका दिवसात तेवढंच टाकता यायचं. आमच्याकडे तेव्हा दुपार कलत आलेली असायची. आई पडदा बघून म्हणायची, "नाना उठला."

हे चार वर्षं चाललं. मग आईचे डोळे दुखायला लागले, कॉम्प्युटर बिघडला आणि ते सुटलं.

मामा गेल्या फेब्रुवारीत गेला. आईला ते शेत एकदा बघायचंय. मी केलेले प्रयत्न असे: फेसबुकवर खेळ शोधला, उघडत नाही. सेटिंग्जमधल्या 'ॲप्स अँड वेबसाइट्स'मध्ये गेले, तिथे 'एक्स्पायर्ड'च्या यादीत फार्मव्हिलचं नाव दिसलं, पण समोर फक्त 'रिमूव्ह' आहे. फोनवर नवीन फार्मव्हिल घेऊन आईच्या खात्यानं लॉगिन केलं, तर रिकामं शेत आलं. आई म्हणाली, "हे माझं नाही." शेवटी खात्याचा सगळा डेटा मागवला, तर आलेल्या फायलीत नुसती अक्षरांची खिचडी. एका पेजवाल्यानं १५०० रुपयांत शेत परत आणून देतो म्हणून सांगितलंय, त्याला आईच्या फोनवर येणारा ओटीपी हवाय. देऊ का?

जरा घाई आहे. मामी या महिनाअखेरीस मामाची सगळी खाती बंद करणार आहे. तिचं चुकत नाही, पण त्याआधी मामाच्या बाजूनं काही मिळतं का तेही बघायचंय.

तिठ्यावरचा

ओटीपी देऊ नका. पैसेही देऊ नका.

मूळ फार्मव्हिल ३१ डिसेंबर २०२० रोजी कायमचा बंद झाला. तो ब्राउझरमधल्या फ्लॅश या सॉफ्टवेअरवर चालायचा आणि ते बनवणाऱ्या अडोबीनं त्याच दिवशी त्याचा आधार काढून घेतला. वाफे, झाडं, नाणी, लेव्हल हे सगळं खेळ बनवणाऱ्या झिंगा कंपनीच्या सर्व्हरवर होतं, फेसबुकच्या खात्यात ते कधीच नव्हतं. फार्मव्हिल २ आणि ३ हे वेगळे खेळ आहेत, त्यांत जुनं शेत येत नाही. त्यामुळे चालतं-बोलतं शेत आता कोणीच परत आणू शकणार नाही. वाईट वाटतं, पण १५०० रुपये जाण्याआधी हे कळलेलं बरं.

मोगरा_आणि_माती

ताई, तिठ्यावरच्या दादांनी सांगितलं ते खरं आहे, पण गोष्ट तिथे संपत नाही. आधी घाईचं सांगते.

मामींना आजच फोन करा आणि मामांचं फेसबुक खातं डिलीट करू नका म्हणावं. खातं डिलीट झालं की त्यांनी आईच्या फोटोंखाली आणि पोस्टींखाली लिहिलेल्या कॉमेंटही जातात. तुमच्या खात्यात असल्या तरी त्या मामांच्या असतात. आम्ही ही चूक केली. माझ्या मोठ्या बहिणीचं खातं मेव्हण्यांनी शहाणपणानंच बंद करायला दिलं, कोणी गैरवापर करू नये म्हणून. दोन महिन्यांनी मी आमचे जुने फोटो उघडले तर सगळीकडे माझी एकटीची उत्तरं उरलेली. "हो गं", "नाही नाही, तो सोमवारी", "तूच आण". प्रश्न कुठेच नाहीत. अजून ते पान मी उघडू शकत नाही.

मामींना गैरवापराचीच काळजी असेल तर खातं 'मेमोरियलाइज' करायला सांगा. घरच्या माणसानं फेसबुकच्या फॉर्मवर मृत्यूचा पुरावा जोडून विनंती करायची. नावाजवळ 'रिमेंबरिंग' असं येतं, कोणालाही आत लॉगिन करता येत नाही, आणि त्यांनी लिहिलेलं जिथल्या तिथे राहतं.

दुसरं, ते 'रिमूव्ह' दाबू नका. दाबलं की त्या ॲपनं तुमच्या नावानं टाकलेल्या पोस्टी, फोटो पुसायचे का अशी एक चौकट येते. घाईत तिच्यावर खूण झाली तर उरलंसुरलंही जाईल. एक्स्पायर्ड म्हणजे फक्त परवानगी संपली आहे. यादीत नाव राहिलं तर काही बिघडत नाही.

आता काय मिळू शकतं ते.

फार्मव्हिलमध्ये कॅमेऱ्याचं एक चिन्ह होतं. ते दाबलं की शेताचा फोटो निघून थेट फेसबुकवर जायचा. असे ॲपमधून आलेले फोटो फेसबुक वेगळ्या अल्बममध्ये ठेवायचं आणि अल्बमला ॲपचंच नाव पडायचं. आईच्या प्रोफाइलवर फोटो, मग अल्बम, आणि पार तळाशी जा. शक्यतो कॉम्प्युटरवर बघा. फोनवर जुने अल्बम दिसेपर्यंत बोट दुखतं. आईनं एकदा जरी ते चिन्ह दाबलं असेल तर शेत तिथे असेल.

खेळ बारीकसारीक गोष्टी भिंतीवरही टाकायचा. अमुकला शेतात एकटी तपकिरी गाय सापडली, तमुकला हरवलेलं बदकाचं पिल्लू सापडलं, कोण सांभाळणार? तेव्हा लोक वैतागायचे, पण आज त्याच पोस्टी तारखेसकट रोजनिशीसारख्या उपयोगी पडतात. प्रोफाइलवरून 'ॲक्टिव्हिटी लॉग' उघडा आणि तारखेच्या फिल्टरनं २००९ ते २०१३ एकेक वर्ष काढा. शोधाच्या चौकटीवर भिस्त ठेवू नका. डोळ्यांनीच बघावं लागतं.

अक्षरांच्या खिचडीबद्दल. तुम्ही डेटा जेसन प्रकारात, म्हणजे माणसापेक्षा प्रोग्रॅमनं वाचायच्या फायलींत, मागवला असणार. फेसबुकच्या जेसन फायलीत देवनागरी मोडून येते, एका अक्षराच्या जागी दोन-तीन चिन्हं दिसतात. फाइल खराब नाही आणि मजकूर हरवलेला नाही, पण तो सरळ करत बसण्यापेक्षा पुन्हा मागवा. अकाउंट्स सेंटर, 'युअर इन्फर्मेशन अँड परमिशन्स', तिथे डाउनलोड किंवा एक्स्पोर्ट. तीन गोष्टी बदला: प्रकार एचटीएमएल (ब्राउझरमध्ये पानासारखा उघडतो), फोटोंचा दर्जा हाय, आणि तारखा 'ऑल टाइम'. तारखांचं विसरलात तर गेल्या वर्षभराचंच हातात येईल आणि आईचं काहीच नाही असं वाटेल. तयार व्हायला काही तास लागतात, कधी दिवसही. तयार झाल्यावर चार दिवसांत उतरवून घ्या.

मात्र त्या डेटात आईनं लिहिलेलं येतं. मामांच्या कॉमेंट त्यात येतील असा भरवसा धरू नका. त्या फेसबुकवरच फोटो उघडून वाचायच्या आणि लगेच स्क्रीनशॉट घ्यायचा. म्हणून म्हटलं, आधी मामींना फोन करा.

गोदाकाठची

@मोगरा_आणि_माती, तुमचा प्रतिसाद वाचून आधी मामीला फोन लावला. तिच्याकडे पहाटेचे पाच वाजले होते, ते भानच राहिलं नाही. ती घाबरलीच. मग सगळं सांगितलं. तिनं खातं बंद करायचा फॉर्म भरून ठेवला होता, नुसता पाठवायचा राहिला होता. आता मुलाकडून मेमोरियलाइजचं करून घेते म्हणाली.

तुमच्या बहिणीचं वाचून गलबलून आलं. ते इथे लिहिलंत म्हणून मामाचं खातं वाचलं.

डेटा एचटीएमएलमध्ये पुन्हा मागवला आहे, 'ऑल टाइम' केलं आहे. मामा बराहा हे टायपिंगचं सॉफ्टवेअर वापरून हट्टानं देवनागरीतच लिहायचा, त्यामुळे शोधात काही का सापडत नव्हतं तेही आता लक्षात आलं. मी इंग्रजी अक्षरांतच शोधत बसले होते.

घाटमाथा७७

त्या पेजवाल्याला ब्लॉक करून फेसबुकवर रिपोर्ट करा. ओटीपी दिला असता तर आईचं खातंच हातचं गेलं असतं. कोणी आधीच पैसे दिले असतील तर १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर लगेच कळवावं, जितकं लवकर तितकं चांगलं.

धाग्याशी जोडून एक विचारतो. माझी कँडी क्रश फेसबुकनं जोडलेली आहे, हजाराच्या वर लेव्हल. फोन बदलायचाय. तिचंही असंच होईल का?

तिठ्यावरचा

नाही, तो खेळ चालू आहे. नव्या फोनवर त्याच फेसबुक खात्यानं लॉगिन केलं की लेव्हल परत येते. पण जुना फोन देण्याआधी खेळाच्या सेटिंग्जमधला प्लेअर आयडी लिहून ठेवा आणि जमलं तर खेळ बनवणाऱ्या किंग कंपनीचं खातंही जोडून ठेवा. काही अडलं तर त्यांचा मदत विभाग त्या आयडीवरूनच तुम्हाला शोधतो. फेसबुकला विचारून उपयोग होत नाही.

गोदाकाठची

सापडलं!

अल्बम होता. अगदी तळाशी, लग्नाच्या फोटोंच्याही खाली, 'फार्मव्हिल फोटोज' नावानं. सात फोटो. पाच नुसते गायींचे आणि कुंपणाचे. सहावा पूर्ण शेताचा, नोव्हेंबर २०१०. बारीक आहे, मोठा केला की फुटतो, पण सगळं ओळखू येतं. वाट, दोन्ही अंगांचे वाफे, बांधावर अंजीर, कोपऱ्यात विहीर. खालच्या डाव्या बाजूला चार वाफे सुकलेले आहेत. ते दिसताक्षणी आई म्हणाली, "तुझ्या परीक्षेचा आठवडा. बघायला वेळच नव्हता."

फोटोखाली मामाच्या अकरा कॉमेंट आहेत. पहिली अशी: "अक्का, विहीर या कोपऱ्यात नव्हती. गोठ्याकडे तोंड केलं की उजव्या हाताला होती." त्याखाली आईचं, "डाव्या." मग मामाचं, "उजव्या. मी पडलो होतो तिच्यात, मला माहीत." असं रात्री दीडपर्यंत चाललंय. शेवटी मामानं लिहिलंय, "बरं, तुझं शेत, तुझी विहीर."

सगळ्याचे स्क्रीनशॉट घेतले. घरात तिघांच्या फोनवर ठेवले आणि पेन ड्राइव्हवरही. सातवा फोटो दुसऱ्याच दिवशीचा आहे. त्यात विहीर उजवीकडे आहे.

आईला हे आठवतच नव्हतं. चष्मा पुसून तिनं दोन्ही फोटो शेजारी ठेवून पाहिले, परत परत पाहिले. मग म्हणाली, "उजवीकडेच होती." सातवा फोटो उद्या मोठा करून काढून आणते. प्रत मामीलाही पाठवायची आहे.